‘शॅल’चं देणं

एका जागेच्या भाडेकराराचा इंग्रजी मसुदा मराठीत करण्यासाठी माझ्याकडे आला होता. चारच पानं, म्हणून दुपारी घेऊन बसलो आणि तिसऱ्या कलमापाशी अडलो. मी केलेला तर्जुमा असा होता: करार पुढील महिन्याच्या एक तारखेस सुरू होईल. भाडेकरू दरमहा पाच तारखेच्या आत भाडे देईल. जागेची पाहणी करण्याचा हक्क मालकास राहील. टपालाने पाठवलेली नोटीस सातव्या दिवशी पोचली असे समजले जाईल. छत गळू लागल्यास मालक ते दुरुस्त करून देईल.

मुळात पाचही वाक्यं ‘शॅल’वर उभी होती आणि मराठीत पाचही ‘-ईल’वर येऊन टेकली. वाचायला कशी अगदी सरळ. पण पहिलं वाक्य निव्वळ माहिती आहे; तारीख उजाडली की करार आपोआप सुरू, त्यासाठी कुणी काही करायचं नाही. दुसरं बंधन आहे. तिसरा हक्क आहे. मालकाला वाटलं तर येईल, नाही तर नाही. चौथं तर सरळसरळ मानून चालण्याचं आहे, मग नोटीस प्रत्यक्षात पोस्टमनच्या पिशवीत का असेना. आणि पाचवं? गळकं छत दुरुस्त करणं हे मालकावरचं बंधन आहे की त्याने दिलेला शब्द, हे मला त्या दुपारी ठरवता आलं नाही. मूळ मसुदा करणाऱ्यालाही ते ठरवायचं होतं असं वाटत नाही.

‘शॅल’ हा इंग्रजीतला जुना, रोजच्या वापरातला शब्द. बोलण्यातून तो बराच हद्दपार झालाय, ‘निघायचं का?’ किंवा ‘मी दार उघडू का?’ अशा लाघवी प्रश्नांपुरता उरलाय. पण कायदा, करार, ठराव, तह, नियमावली यांत मात्र तो पानोपानी ठाण मांडून बसलेला असतो. माझं म्हणणं असं आहे की तिथून त्याला उठवायला हवं, निदान सरकारने, संस्थांनी, मालकांनी काय करायचं हे सांगणाऱ्या वाक्यांतून तरी. हे व्याकरणाचं खुसपट वाटेल. तसं ते नाही, हे पटवण्यासाठी आधी थोडं व्याकरणातूनच जावं लागेल.

जुन्या इंग्रजीत या शब्दाच्या पूर्वजाचा अर्थ होता ‘देणं लागतो’. जर्मनमध्ये त्याच घराण्यातला ‘शुल्ड’ हा शब्द आजही कर्ज आणि अपराध या दोन्हींसाठी वापरतात. देण्यावरून कर्तव्य आणि कर्तव्यावरून भविष्य, असा ‘शॅल’चा प्रवास झाला. जे देणं लागतो ते द्यावंच लागेल, म्हणजे दिलं जाईल, म्हणजे पुढे तसं घडेल. मराठी माणसाला ही वाट परकी वाटायचं कारण नाही. आपलं ‘लागणे’ हे क्रियापद बघा. ‘मी त्याचं देणं लागतो’ यातलं ‘लागतो’ आणि ‘मला जावं लागतं’ यातलं ‘लागतं’ एकच. ऋण आणि सक्ती यांची गाठ आपल्याही भाषेने एकाच शब्दात मारली आहे. फरक एवढाच की आपल्याकडे ती गाठ सुटलेली नाही. इंग्रजीत सुटली, आणि देणं मागे राहून नुसतं ‘पुढे कधीतरी घडेल’ हाती आलं.

त्या सुटलेल्या गाठीवर नियमाचं ठिगळ लावलं जॉन वॉलिस याने. हा ऑक्सफर्डचा भूमितीचा प्राध्यापक. अनंतासाठी आडव्या आठाचं चिन्ह वापरात आणणारा तोच. १६५३ साली त्याने इंग्रजीचं व्याकरण लिहिलं, आणि तेही लॅटिनमधून. त्यात नियम असा की, स्वतःबद्दल बोलताना ‘शॅल’ म्हटलं तर नुसतं भाकीत आणि ‘विल’ म्हटलं तर वचन किंवा धमकी. दुसऱ्याबद्दल बोलताना मात्र बरोबर उलट. पुढची दोन-अडीच शतकं शाळामास्तरांनी हा नियम पोरांकडून घोकून घेतला. यावरचा एक जुना विनोद आहे. पाण्यात पडलेला माणूस ओरडतो, ‘आय विल ड्राउन, नोबडी शॅल सेव्ह मी!’ त्याला म्हणायचं असतं, मी बुडतोय, मला कुणी वाचवत नाहीये. काठावरची सभ्य मंडळी मात्र नियमाप्रमाणे अर्थ लावतात: मी बुडणारच, मला कुणी वाचवता कामा नये. आणि त्याच्या इच्छेला मान देऊन आपापल्या वाटेने निघून जातात.

हा नियम जिवंत भाषेने फारसा कधी पाळलाच नाही. १९४२मध्ये फिलिपिन्स सोडून ऑस्ट्रेलियात पोचलेल्या अमेरिकी जनरल मॅकआर्थरने ‘आय शॅल रिटर्न’ म्हटलं, तेव्हा वॉलिसच्या हिशेबाने तो फक्त हवामानाचा अंदाज सांगत होता. जगाने ती प्रतिज्ञा म्हणून ऐकली. १९४४च्या ऑक्टोबरमध्ये तो फिलिपिन्समधल्या लेयटे बेटाच्या किनाऱ्यावर उतरलाही. म्हणजे शब्दात नसलेला निर्धार बोलणाऱ्याने आणला आणि ऐकणाऱ्यांनी तो मानला. सैन्य हाताशी असलं की असं जमतं. हाताशी काहीच नसणाऱ्याने हाच शब्द कागदावर धरून दार ठोठावलं, तर काय होतं?

अमेरिकेतल्या कोलोरॅडो राज्यात कॅसल रॉक नावाचं गाव आहे. १९९९मध्ये तिथल्या एका बाईने नवऱ्याविरुद्ध न्यायालयाकडून मनाई हुकूम मिळवला होता. तिच्यापासून आणि मुलींपासून त्याने दूर राहायचं. भेटी ठरतील तेवढ्याच. हुकमाच्या पाठीमागे पोलिसांसाठी छापील सूचना होती, आणि ती राज्याच्या कायद्यातूनच उचललेली होती: हा हुकूम अमलात आणण्यासाठी पोलीस अधिकारी सर्व वाजवी मार्ग वापरील, हुकूम मोडल्याचं सबळ कारण दिसलं तर अटक करील, ते शक्य नसेल तर वॉरंट मिळवील. प्रत्येक ठिकाणी ‘शॅल’.

२२ जूनच्या संध्याकाळी, बाहेर खेळत असलेल्या तिन्ही मुलींना नवरा घेऊन गेला. पुढचं सगळं आईच्या तक्रारीत नोंदलेलं आहे. साडेसातच्या सुमारास तिने पोलिसांना फोन केला. दोघे जण आले. तिने त्यांना हुकमाची प्रत दाखवली. आमच्या हातात काही नाही, दहापर्यंत वाट बघा, असं त्यांनी सांगितलं. साडेआठला नवऱ्याचा फोन लागला, तो मुलींना घेऊन डेन्व्हरच्या एका करमणूक उद्यानात होता. ठिकाणासकट ही माहिती तिने पोलिसांना दिली. पुन्हा तेच, दहापर्यंत थांबा. दहा वाजून गेल्यावर फोन केला तर मध्यरात्रीपर्यंत थांबा. मध्यरात्र उलटल्यावर ती स्वतः ठाण्यात गेली. तिची तक्रार लिहून घेणारा अधिकारी नंतर जेवायला निघून गेला. पहाटे तीन वाजून वीस मिनिटांनी नवरा पोलीस ठाण्याशी आला आणि त्याने गोळीबार सुरू केला. पोलिसांच्या गोळ्यांनी तो मेला. त्याच्या गाडीत तिन्ही मुलींचे मृतदेह सापडले. त्यांना त्याने आधीच मारलेलं होतं.

आईने गावावर दावा लावला. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००५च्या जूनमध्ये सात विरुद्ध दोन अशा मतांनी ती हरली. तिचा दावा घटनेतल्या एका विशिष्ट तरतुदीखाली होता, त्यामुळे सगळा निकाल या एका शब्दावर फिरला असं म्हणणं अन्यायाचं होईल. पण निकालाचा मोठा भाग याच शब्दाशी झटापट करतो. न्यायमूर्ती स्कॅलिया यांच्या बहुमताच्या निकालाचा सूर असा: वरकरणी सक्तीचे दिसणारे अटकेचे कायदे आणि पोलिसांचा स्वेच्छाधिकार हे पूर्वीपासून जोडीने नांदत आले आहेत, विधिमंडळाला खरीखुरी सक्ती हवी असती, तर त्याने याहून ठळक काहीतरी लिहायला हवं होतं. पुढे २०११मध्ये अमेरिका खंडातल्या देशांच्या मानवी हक्क आयोगाने या प्रकरणी अमेरिकेला दोषी धरलं. पण देशातल्या न्यायालयांत विषय संपलेला होता.

मला त्या रात्रीतलं ‘दहापर्यंत थांबा’ सारखं आठवत राहतं. कायद्यात कुठेही ‘दहा वाजेपर्यंत’ असं नव्हतं. कधी करायचं हेच नव्हतं. केलं नाही तर काय, हेही नव्हतं. ‘शॅल’ एकटाच होता, आणि त्याच्या भरवशावर एक बाई कागद हातात घेऊन रात्रभर फोन करत होती.

हा अमेरिकेपुरता मामला म्हणून सोडून देता येत नाही. इंग्रजीत लिहिलेल्या बहुतेक राज्यघटनांत हा शब्द आहे. भारताच्या घटनेतला अनुच्छेद ३७ घ्या. एकाच वाक्यात दोन ‘शॅल’ शेजारी शेजारी नांदतात. मार्गदर्शक तत्त्वं न्यायालयामार्फत अमलात आणता येणार नाहीत, हा पहिला. कायदे करताना ही तत्त्वं लागू करणं हे राज्याचं कर्तव्य असेल, हा दुसरा. पहिला लोखंडासारखा; न्यायालयही त्याच्यापुढे थांबतं. दुसरा मोडला तर जाब कुठे विचारायचा, याचं उत्तर पहिल्यानेच बंद करून टाकलंय. शब्द तोच, वाक्य तेच, पण एका ‘शॅल’ला दात आहेत आणि दुसऱ्याला फक्त सदिच्छा.

मूळ अनुच्छेद ४५ने तर आणखी एक पाऊल मागे घेतलं होतं. चौदा वर्षांपर्यंतच्या सर्व मुलांना मोफत आणि सक्तीचं शिक्षण देण्याचा राज्य दहा वर्षांत ‘प्रयत्न करील’. ‘शॅल’ होता, मुदतही होती (ती असणं ही केवढी दुर्मीळ गोष्ट!), पण मध्ये ‘प्रयत्न’ येऊन बसला. १९५०पासून मोजलेली दहा वर्षं १९६०ला सरली. शिक्षण हा मूलभूत हक्क म्हणून घटनेत यायला २००२ची ८६वी दुरुस्ती लागली, आणि तो अमलात आणणारा कायदा १ एप्रिल २०१०ला लागू झाला. पैसा, शाळा, शिक्षक, इच्छाशक्ती ही सगळी कारणं खरी. तरी ज्या वाक्यात सक्ती मुलांच्या शिक्षणाला आहे आणि राज्याला फक्त प्रयत्नाची आहे, त्या वाक्याची पुढची पन्नास वर्षं त्याच्या रचनेतच लिहिलेली होती.

वकील मंडळींना यात नवल वाटत नाही. त्यांच्याकडे ‘मँडेटरी’ (पाळलंच पाहिजे असं) आणि ‘डिरेक्टरी’ (नुसती दिशा दाखवणारं) अशा दोन पेट्या असतात, आणि कुठला ‘शॅल’ कुठल्या पेटीत टाकायचा हे न्यायालय प्रसंगानुसार ठरवतं. लोकसेवा आयोगाशी सल्लामसलत ‘केली जाईल’ असं घटना म्हणते. पण ती केली नाही म्हणून सरकारची कारवाई रद्द होत नाही, असं भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने १९५७मध्येच सांगितलं. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९५च्या एका निकालात मान्यच केलं की कायदा लिहिणारे ‘शॅल’ हा शब्द कधी ‘शुड’च्या, कधी ‘विल’च्या, तर कधी चक्क ‘मे’च्या अर्थाने वापरतात, किंवा त्याचा गैरवापर करतात. म्हणजे ‘केलंच पाहिजे’पासून ‘केलं तरी चालेल’पर्यंत सगळा प्रदेश एकाच शब्दाच्या नावावर. सामान्य माणसाने कायदा वाचून वागावं अशी अपेक्षा असते. त्याने हे वाचायचं तरी कसं?

उपाय करून पाहिलेले लोक आहेत. दक्षिण आफ्रिकेच्या १९९३च्या हंगामी घटनेत ‘शॅल’ होता. १९९६च्या अंतिम घटनेत त्याच्या जागी ‘मस्ट’ आला. अमेरिकेच्या संघीय न्यायालयांच्या दिवाणी प्रक्रियेच्या नियमांतून २००७मध्ये हा शब्द उपटून काढला आणि जागेनुसार ‘मस्ट’, ‘मे’, ‘शुड’ लावले.

माझ्या विरोधात जाणारी एक गोष्ट इथेच सांगून टाकतो, कारण ती मला आवडते. त्याच नियमांतल्या ५६व्या नियमात, पुराव्यात वादाचा मुद्दाच नसेल तर न्यायाधीशाने खटला न चालवता निकाल द्यावा, असं आहे. २००७च्या साफसफाईत तिथला ‘शॅल’ जाऊन ‘शुड’ आला. तीन वर्षांत तो परत ‘शॅल’ करावा लागला. ‘मस्ट’ म्हटलं तर न्यायाधीशाचे हात बांधले जातात, ‘शुड’ म्हटलं तर मोकळे सुटतात, आणि इतक्या वर्षांच्या निकालांनी त्या एका ‘शॅल’ला दोन्हींच्या मधला एक नेमका अर्थ घासूनपुसून दिला होता. जुन्या शब्दात अशी साठलेली किंमत असते हे खरं. पण नीट बघितलं तर तो अर्थ न्यायाधीश आणि वकील यांच्या वापराने घडलेला होता, आणि तो वापरणारेही तेच होते. भाडेकरू आणि मालक, पोलीस आणि फोन करणारी बाई, यांच्यात असा संकेत घडायला कुणाकडे वेळ असतो?

ज्यांचं काम संदिग्धतेने खोळंबतं, त्या तंत्रज्ञांनी यातून सरळ वाट काढली. इंटरनेटचे नियम लिहिणाऱ्यांनी मार्च १९९७मध्ये दोन-तीन पानांचा एक दस्तऐवज काढला, आरएफसी २११९. त्यात ‘मस्ट’ आणि ‘शॅल’ म्हणजे बिनशर्त आवश्यक, ‘शुड’ म्हणजे सबळ कारण असेल तरच टाळा, ‘मे’ म्हणजे तुमची मर्जी. तरी लोक घोटाळे करतच राहिले, तेव्हा २०१७मध्ये खुलासा आला की हे अर्थ शब्द मोठ्या लिपीत असतील तेव्हाच लागू. आंतरराष्ट्रीय मानकं ठरवणाऱ्या आयएसओने तर ‘शॅल’च ठेवलाय, तोही फक्त आवश्यकतेसाठी. तेव्हा शब्दाशी माझं व्यक्तिगत वैर नाही. त्याचा अर्थ आधी बांधून घेतला तर तो इमानाने राबतो. तंत्रज्ञ तो बांधून घेतात, कारण अर्थ चुकला तर यंत्र लगेच बंद पडतं. कायद्याचं वाक्य मोघम राहिलं तर लिहिणाऱ्याचं काहीच बंद पडत नाही.

आणि हा शब्द इतका पोकळ असता तर १२ डिसेंबर २०१५ची संध्याकाळ पॅरिसमध्ये इतकी लांबली नसती. हवामान कराराचा अंतिम मसुदा वाटला गेला होता. अनुच्छेद ४च्या चौथ्या परिच्छेदात विकसित देश उत्सर्जन कपातीच्या लक्ष्यांसह आघाडीवर राहणं चालू ठेवतील, असं ‘शॅल’ने लिहिलेलं होतं. त्याच परिच्छेदात विकसनशील देशांसाठी मात्र ‘शुड’. अमेरिकेच्या वकिलांना तो एक ‘शॅल’ दिसला आणि धावपळ सुरू झाली. कायदेशीर बंधन आलं असतं, तर करार सिनेटसमोर न्यावा लागला असता, आणि तिथे तो टिकणार नाही हे सगळ्यांना माहीत होतं. शेवटी सभागृहात किरकोळ चुकांची दुरुस्ती वाचून दाखवताना, टंकलेखनाच्या दोषांच्या रांगेत बसवून, तो ‘शॅल’ ‘शुड’ झाला. परिषदेचे अध्यक्ष लोरां फाबियुस यांनी हातोडा वाजवला, टाळ्या पडल्या.

म्हणजे या शब्दाला दात आहेत की नाहीत हे शब्दकोशात सापडत नाही. ज्याच्यावर बंधन येणार तो ताकदवान असेल, तर तो शब्द आधीच ओळखतो आणि कागदावर शाई वाळण्याआधी काढून घेतो. ज्याला त्या बंधनाचा आधार हवा असतो त्याला तो बहुधा नंतर कळतो, दहापर्यंत थांबा असं ऐकल्यावर.

म्हणून ‘शॅल’ काढून ‘मस्ट’ लावला की झालं, असं मी म्हणणार नाही. त्याने एवढंच होतं की लिहिणाऱ्याला ठरवावं लागतं: हे बंधन आहे, हक्क आहे की नुसती माहिती. पण बंधन म्हणून लिहिताना कुणी करायचं, कधीपर्यंत करायचं आणि न केल्यास काय, हेही त्याच वाक्यात यायला हवं. ‘मस्ट’लाही या तिन्हींशिवाय काही अर्थ नाही. मराठीत कायदे आणि करार लिहिणाऱ्यांना हे जास्तच लागू आहे, कारण आपण ‘शॅल’ आला की डोळे मिटून ‘-ईल’ लावतो, आणि ‘होईल’ म्हणजे काय हे मराठीत लहान पोरालाही कळतं. ‘बघू, होईल.’ दुसरा पर्याय ‘-आवे’चा, तर ‘करावे’ ही विनंतीही असते, उपदेशही असतो आणि हुकूमही. आपल्याकडे ‘बंधनकारक राहील’ आहे, ‘केलेच पाहिजे’ आहे, ‘करणे भाग आहे’ आहे, आणि ते जुनं, नेमकं ‘देणे लागतो’ आहे. शब्दांची वाण नाही. मसुदा लिहिताना ते आठवत नाहीत, कारण मसुदा बहुधा ज्याने देणं लागायचं त्याच्याच बाजूला लिहिला जातो.

त्या भाडेकरारात मी दोन बदल सुचवून पाठवले. दुसऱ्या वाक्यात ‘भाडेकरूने पाच तारखेच्या आत भाडे दिलेच पाहिजे’ आणि पाचव्यात ‘गळतीची सूचना मिळाल्यापासून पंधरा दिवसांत मालकाने दुरुस्ती करून दिलीच पाहिजे, न दिल्यास भाडेकरू ती करून घेईल आणि खर्च भाड्यातून वजा करील’. मसुदा चौथ्या दिवशी परत आला. भाड्याचं वाक्य मी लिहिलं तसंच ठेवलं होतं, वर शाईने उशिराचा दंडही जोडला होता. छताच्या वाक्यावर सरळ काट मारून वर लिहिलं होतं, ‘मालक दुरुस्ती करून देईल. मूळ इंग्रजीप्रमाणे ठेवणे.’